हातातला ट्रे

सूड घेतलेली माणसं आठवणी लिहायला बसली की शेवटी पश्चात्ताप झाला असं लिहितात. मला झाला नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे वाचणाऱ्याने शेवटपर्यंत त्याची वाट बघत बसायला नको.

नवरा जाऊन तीन वर्षं झाली होती, मुलगी युनिव्हर्सिटीला गेली होती, आणि मी हॉस्पिटलात दिवसभर डॉक्टरांची पत्रं टाइप करून लंडनजवळच्या पिनरमधल्या रिकाम्या घरी परतत होते. म्हणून वरची खोली भाड्याने एका लॉजरला दिली. तो मेक्सिकोचा नट निघाला. पन्नाशीला टेकलेला, भरघोस मिशांचा. तिकडच्या टीव्हीवर अठरा वर्षं मालिकांमधला खलनायक. बाजारात बायका त्याला तोंडावर शिव्या घालायच्या, आणि त्याचा त्याला कोण अभिमान! आता लंडनच्या आसपासच्या स्टुडिओंत इंग्रजी सिनेमांमध्ये दोन-तीन सीनची कामं करायचा. कधी स्मगलर, कधी पाद्री, एकदा तर चक्क तुर्की राजदूत.

सिनेमाची ऑडिशन हल्ली घरीच फोनवर रेकॉर्ड करून पाठवतात. समोरच्या पात्राची वाक्यं फोनच्या मागे बसून कुणीतरी वाचावी लागतात. ते काम माझ्याकडे आलं. शनिवारी सकाळी पोहे झाले की किचनच्या भिंतीला निळी चादर लावायची, तो उभा राहायचा आणि मी खुर्चीत बसून वाचायचे. पहिल्याच दिवशी तो म्हणाला, “तू हे आधी केलंयस.”

केलं होतं. अकरा वर्षं केलं होतं. आमच्या इथल्या मराठी मंडळाच्या दिवाळीच्या नाटकात मी विंगेत बसून प्रॉम्प्टिंग करायचे. नायक ठरलेले, एक सर्जन. त्यांना सगळे नुसतं ‘डॉक्टर’ म्हणत. डॉक्टरांचं पाठांतर शून्य. मी शब्द पुरवायचे, ते ऐटीत बोलायचे, आणि नाटक संपल्यावर लोक म्हणायचे, “डॉक्टर, काय मेमरी आहे हो तुमची!” डॉक्टर हसून मान तुकवायचे. अकरा वर्षांत एकदाही त्यांचं बोट विंगेकडे वळलं नाही.

लॉजर आला त्या वर्षीच्या नाटकात नायकाच्या थोरल्या बहिणीची भूमिका होती. वयाने मला शोभणारी, आणि नाटक तर मला अख्खं पाठ. ईलिंगला एकांच्या लाउंजमध्ये पहिलं वाचन होतं. हातात सामोशाची प्लेट घेऊन मी धीर करून विचारलं. डॉक्टर मोठ्याने म्हणाले, “अहो वहिनी, तुम्ही स्टेजवर आलात तर मला कोण सांभाळणार? आणि ऑनेस्टली सांगतो, तुमचा आवाज विंगेतच शोभतो.”

सगळे खो खो हसले. भूमिका मेडनहेडच्या एका बाईंना मिळाली. त्यांना मंडळात येऊन जेमतेम दोन महिने झाले होते. मीही हसले. त्या हसण्याची मला आजही चीड येते.

घरी आल्यावर लॉजरला सगळं सांगितलं, आणि त्याने मला त्याची गोष्ट सांगितली. त्यांच्या मालिकांमध्ये दिवसाला वीस-पंचवीस सीन उरकायचे असतात, पाठ करायला वेळ कुणाला? नटाच्या कानात बारीकसं यंत्र बसवतात. केबिनमधला माणूस वाक्य वाचतो, नट ते ऐकत ऐकत बोलतो. अठरा वर्षं तो असा बोलला. मग पहिला इंग्रजी सिनेमा मिळाला. पानभर भाषण होतं, आणि कानात कुणी नव्हतं. तीनदा अडकला. कुणी ओरडलं नाही. एक असिस्टंट हसतमुखाने आली, त्याचं भाषण शेजारच्या नटाला दिलं आणि याच्या हातात सहा कपांचा ट्रे ठेवला. “जस्ट स्टँड हिअर.” दिवसभर तो ट्रे धरून उभा राहिला. सिनेमा लागला तेव्हा त्याची आई अख्ख्या गल्लीला घेऊन बघायला गेली होती.

“तेव्हापासून मी पाठ करतो,” तो म्हणाला. “मरेपर्यंत करीन.” मग उठून सिंकमधली भांडी घासायला लागला. माझ्याकडे पाठ करून बराच वेळ घासत होता.

मला त्याची दया आली. पण खरं सांगायचं तर त्याच क्षणी माझ्या डोक्यात डॉक्टरांचा कान आला.

पुढच्या तालमीला मी डॉक्टरांना बाजूला घेतलं. ब्लूटूथचं बटण कानात, वरून म्हाताऱ्याचा विग, आणि फोनवर मी. विंगेतल्या कुजबुजीची कटकटच नको. “वहिनी, ब्रिलियंट!” डॉक्टर खूश. त्या दिवसापासून त्यांनी संहितेचं पान उलटलं नाही. दोन महिने मी एक शब्द चुकू दिला नाही. तालमीहून परतताना गाडीत एकटीच हसायचे.

प्रयोग हॅरोच्या एका शाळेच्या हॉलमध्ये होता. लॉजरला मीच बोलावलं, तिसऱ्या रांगेत बसवलं. माझा बेत त्याला ठाऊक नव्हता. तिसऱ्या अंकात दिवंगत बायकोच्या फोटोसमोर नायकाचं सात मिनिटांचं स्वगत. संसारासाठी आपण काय काय केलं, याचा पाढा. पहिली दोन वाक्यं मी दिली आणि फोन बंद केला.

“आणि मग...” डॉक्टर म्हणाले. चष्मा नीट केला. “आणि मग...” विगवरून कान दाबला. मग विंगेकडे बघितलं. मी त्यांच्याकडेच बघत होते. कपाळावरचा घाम मेकअपमधून वाट काढत खाली आला. अकरा वर्षांत पहिल्यांदा त्यांनी मला नीट बघितलं, आणि मला फार बरं वाटलं.

पण तो माणूस पक्का होता. दोन पावलं पुढे आला आणि हात जोडून म्हणाला, “मंडळी, वय झालं आता! खरं सांगू? हे नाटक एकाच व्यक्तीला पाठ आहे, जी कधी तुमच्यासमोर येत नाही. वहिनी, या!”

टाळ्यांचा कडकडाट. काय मोठं मन, काय दिलदारी! माझा सूडसुद्धा डॉक्टरांनी उचलून स्वतःच्या खिशात घातला. माझ्या अंगाची लाही लाही झाली.

मी गेले. ऑफिसच्या कार्डिगनमध्ये, पायात ट्रेनर्स. सेटवरच्या टेबलावर चहाचा ट्रे होता, चार कप आणि किटली. तो उचलून मी त्यांच्या हातात दिला. हळूच म्हटलं, “धरा.” आणि टेबलाच्या पुढ्यात अशी उभी राहिले की त्यांना तो ठेवता येऊ नये. मग त्यांचंच स्वगत मी त्यांना ऐकवलं, फोटोतून उतरून आलेली बायको होऊन. तुम्ही हे केलंत, तुम्ही ते केलंत, आणि मी काय करत होते ते कधी विचारलंत का? शेवटचा प्रश्न संहितेत नव्हता. डॉक्टरांनी दोनदा तोंड उघडलं, दोन्ही वेळा मी पुढचं वाक्य घेतलं. ट्रेमधले कप किणकिणायला लागले, आणि तो आवाज मागच्या रांगेपर्यंत गेला.

पडदा पडला तेव्हा लोक उभे होते. तिसऱ्या रांगेतली एक खुर्ची मात्र रिकामी होती.

लॉजर कार पार्कमध्ये माझ्या गाडीशी उभा होता. मराठीचं अक्षर त्याला कळत नव्हतं.

“चार कप होते?” त्याने विचारलं.

“हो.”

“माझ्या ट्रेमध्ये सहा होते.”

मी चावी शोधत राहिले.

“ती गोष्ट मी तुझ्या किचनमध्ये सांगितली होती,” तो म्हणाला.

“म्हणूनच मला कळलं, कुठे लागतं ते.”

पुढच्या शनिवारी चादर किचनमध्ये लागली नाही. वरच्या खोलीतून त्याचा आवाज आला, आणि उत्तरादाखलही त्याचाच. समोरची वाक्यं त्याने स्वतः फोनवर रेकॉर्ड केली होती, आपल्या उत्तरापुरती जागा सोडून. महिनाभराने त्याला ईलिंगला दुसरी खोली मिळाली. जाताना हात मिळवला, आभार मानले. माझ्याकडे बघितलं नाही.

डॉक्टर आता मंडळात दिसत नाहीत. बरं झालं. पुढच्या वर्षी मुख्य भूमिका मला मिळाली, कुणाकडे मागावी लागली नाही. शनिवारी पोहे करून मी पाठांतराला बसले. समोरून वाचायला कुणी नव्हतं. मग फोन काढला आणि दुसऱ्या पात्राची वाक्यं स्वतःच्याच आवाजात रेकॉर्ड केली, मध्ये माझ्यापुरती जागा सोडून.