बेबीआत्याचे काळे केस

भांगात पांढरी रेघ दिसली की बेबीआत्या लगेच मला फोन करायची. साठीला आलेली बाई, कधी पावडर लावायची नाही, साडीवर कुठलाही ब्लाउज चालवून घ्यायची. पण केस मात्र मुळापासून काळे हवेत. दिवा स्टेशनजवळच्या तिच्या बिल्डिंगमधल्या बायका तिला पाठीमागे नटवी म्हणायच्या. म्हणोत बापड्या. खरं कारण आतल्या खोलीत कॉटवर होतं.

तिथे माझी आजी, म्हणजे आत्याची आई असायची. आजी एकेक करून सगळं विसरत चालली होती. फक्त लेक तेवढी आठवत होती, आणि तीही काळ्याभोर केसांची. एकदा आत्या तापाने पडली आणि डाय लावायचा राहून गेला. आजीने तिच्या कपाळाकडे पाहिलं आणि विचारलं, "बाई, तुम्ही कोण? आमच्या बेबीला बोलवा." परक्या बाईच्या हातचा घास ती घेईना. आत्याने तशा तापात उठून डाय लावला, तेव्हा कुठे तिने तोंड उघडलं. तो धसका आत्याच्या मनातून कधी गेलाच नाही.

त्यानंतर डाय म्हणजे आमच्या घरातलं मोठं कार्य झालं. मागचे केस तिला दिसत नसत, म्हणून मी घोडबंदर रोडवरून ट्रॅफिकला शिव्या घालत पोचायचे. तोवर तिने बादल्या, पातेली, सगळं भरून ठेवलेलं असायचं, कारण एकदा डोक्यावर डाय असतानाच नळाचं पाणी गेलं होतं आणि शेजारणीच्या पिंपातल्या पाण्यावर निभावलं होतं. प्लास्टिकच्या वाटीत पावडर आणि पाणी घेऊन जुन्या टूथब्रशने घोटायचं. घट्ट झालं की म्हणे पातळ कर, पातळ केलं की म्हणे आता रंग कसला चढतोय. "कानामागे राहिलंय का गं? नीट बघ," हे ती इतक्यांदा विचारायची की मी वैतागायचे.

कानामागे केस राहिलेले नसायचे, पण कातडी लाल झालेली असायची. ते बघून मला भीती वाटायची. डॉक्टरांचं नाव काढलं की ती म्हणायची, खाजतं थोडं, आई उपाशी राहण्यापेक्षा बरं. शेवटी तिनेच तोडगा काढला: डाय बंद, काळी मेंदी सुरू. मेंदी म्हणजे पाला, पाल्याने काय होतंय, हे मलाही पटलं. मोठ्या भरवशाने आम्ही लोखंडी कढईत चहाच्या पाण्यात ती भिजवली. त्या पुडीत पाल्याबरोबर डायचंच रसायन होतं, हे दुसऱ्या दिवशी आत्याचे डोळे सुजून मिटले तेव्हा कळलं. इंजेक्शनं झाली. पुन्हा डोक्याला काळं काहीही लावलंत तर जिवावर बेतेल, असं डॉक्टरांनी बजावलं. रिक्षात बसल्यावर तिने एवढंच विचारलं, "आता आईला कोण भरवणार?"

मग ती घरातही स्कार्फ बांधून वावरू लागली, ऐन मे महिन्यात, पार भुवयांपर्यंत ओढून. तिचा आवाज ऐकून आजी जेवायची. पण ताट घेऊन आत जाताना आत्या रोज परीक्षेला निघाल्यासारखी दिसायची, आणि आजी तोंड उघडते का ते मी दाराशी उभी राहून बघायचे.

काही महिन्यांनी एका रविवारी घास भरवायला ती वाकली आणि स्कार्फ सुटून मांडीवर पडला. आजी त्या पांढऱ्या डोक्याकडे बघत राहिली. मग तिने हात वर केला, केस कुरवाळले आणि म्हणाली, "आई, किती उशीर केलास गं." केव्हाच गेलेल्या स्वतःच्या आईशी ती बोलत होती. बोलून झाल्यावर तिने आपणहून आ केला.

"झाला खरा उशीर," असं म्हणत आत्याने तिला सगळा वरणभात भरवला, तोंड पुसलं आणि ताट घेऊन स्वयंपाकघरात आली. मला तर हायसं वाटलं होतं. म्हटलं, सुटलीस बाई, आता ना डाय, ना स्कार्फ.

"जेवली गं पोटभर," ती ओट्याला टेकत म्हणाली. "पण बेबी कुठंय, म्हणून एकदासुद्धा विचारलं नाही."