मार्गदर्शन व्हावे

नागपुरात सिव्हिल लाइन्समधल्या एका सरकारी कार्यालयात माझी सगळी नोकरी झाली. विभागातल्या इतर कार्यालयांनी माणसं नियमाप्रमाणे घेतली की नाही, हे आमची शाखा तपासायची. आमच्या होकाराशिवाय नेमणुकीचा आदेश निघत नसे.

आमच्याकडे एक रीत होती. प्रकरण जरा वेगळं दिसलं की टिपणीखाली 'मार्गदर्शन व्हावे' असं लिहायचं आणि ते मुंबईला मंत्रालयात पाठवून द्यायचं. निर्णय घेणारा चौकशीत सापडतो, विचारणारा कधीच नाही. मी यात पटाईत होतो. शेजारच्या टेबलावरचा सोबती म्हणायचा, "यायले भूक लागली तरी आधी मुंबईले विचारतात."

मौद्याच्या एका शिपायाची बायको अनुकंपा नोकरीसाठी थांबली होती. नवरा बिनपगारी रजेवर असताना आजारात वारला होता. तिची पाळी आली, जागाही निघाली. प्रश्न एवढाच होता, की रजेवर वारलेला माणूस नोकरीत असताना वारला असं धरायचं का? धरायचंच. नियम मला तोंडपाठ होता. वयाची पंचेचाळीस वर्षं पूर्ण झाली की यादीतून नाव कमी होतं आणि तिची होत आली आहेत, हेही समोर दिसत होतं. तरी मी मार्गदर्शन मागवलं. त्या सुमारास एका सहकाऱ्यामागे चौकशी लागली होती, म्हणून मी घाबरलो, असं पुढे स्वतःला सांगत आलो. खरं म्हणजे घाबरण्यासारखं काही नव्हतं. हाताला सवय होती.

ती एसटीने यायची.

"आलं का जी काही?"

"मुंबईहून यायचं आहे."

"एक वेळा फोन तं लावून पाहा ना, साहेब."

लावतो म्हणायचो. लावला नाही. ज्यांच्याकडे प्रकरण पडून होतं, मंत्रालयातले तेच अधिकारी हिवाळी अधिवेशनाला नागपुरात, आमच्यापासून पायी जाण्याच्या अंतरावर उतरले. त्यांना मी संत्राबर्फी नेऊन दिली. त्या बाईच्या प्रकरणाचं काही विचारलं नाही.

उत्तर आलं तेव्हा तिचं वय उलटून गेलं होतं. उत्तर होतं, 'प्रचलित नियमांनुसार आपल्या स्तरावर निर्णय घ्यावा.' मी तिला सांगितलं, मुंबईने उशीर केला. ती रडली, आणि मग माझीच समजूत काढल्यासारखी म्हणाली, "तुम्ही तरी काय करान?"

गेल्या उन्हाळ्यात मौद्याला एका लग्नाला गेलो होतो. मांडवामागे आचाऱ्याच्या हाताखालच्या बायांमध्ये ती पुऱ्या लाटत होती. केस पांढरे झालेले. तिनेच मला ओळखलं आणि बाकीच्यांना म्हणाली, "हे साहेब पाहा वं. माझ्या नोकरीसाठी मुंबईपर्यंत लिहिलं होतं यायनं."

मला राहवलं नाही. म्हणालो, "बाई, मुंबईला विचारायची गरजच नव्हती. होकार मलाच देता येत होता. मी दिला नाही."

तिचं लाटणं थांबलं.

"म्हंजे?" शेजारची म्हणाली.

"काही नाही वं." मग माझ्याकडे न पाहता ती म्हणाली, "इतके वर्ष नाही सांगितलं, तं आज काहून सांगून राहिले, साहेब?"

पंगतीतून कोणीतरी पुऱ्यांसाठी ओरडलं. तिने पोळपाट जवळ ओढला आणि माझ्याकडे पाठ करून लाटू लागली.