गोऱ्या बाईचा गळा

तळोद्याच्या बाजारात दरसाल तंबूचा सिनेमा येई. विलायती संगीत नाटकांच्या मुक्या फिल्मांत दरवेळी एकच गोरी गायिका नुसतं तोंड हलवी आणि पडद्याखाली बसलेला पेटीवाला तिच्यासाठी अहिराणीत गाई. बोलपट आला आणि मालकाने त्याला काढून टाकलं. तिच्या विलायती बोलपटावर बहिष्कार घालायची पत्रकं घेऊन मी तंबूत शिरलो, तर तोच तिकीट काढून पुढे बसलेला. बोटं मांडीवर पेटी वाजवत होती.

"दादा, या बाईनं तुमची भाकर खाल्ली! उठा, घोषणा द्या!" मी ओरडलो.

"भाऊ, इतला वरीस मी तिना गळा व्हतू. आज तिनं खरं गानं आयकी ऱ्हायनू. खाले बस."

रागाने धुमसत मी बसलो. गाणं संपल्यावर त्यानेच हात पुढे केला.

"आते दे तुन्हा कागद."