बरगडी शिजली का

कुकर उघडून बरगडीचा तुकडा सुरीनं चिरला आणि आत गुलाबी दिसतंय का ते पाहिलं. नव्हतं. हे पाहायला मला दादानं शिकवलं होतं, वरवट बकालच्या घरी, परसातल्या चुलीपाशी. "अंदर गुलाबी दिसलं त खाऊ नोको सुमे. डुकराच्या मटनाले घाई चालत नाही." कातडीसकट चरबीचे तुकडे तो तेलाचा थेंबही न घालता मंद आचेवर परतायचा. बरगड्या मात्र आधी हळद-मिठाच्या पाण्यात मऊ होईस्तोवर शिजवायचा.

त्या दिवशीही चूल त्यानंच पेटवली होती. तेवढ्यात त्याला पाहायला खामगावहून पाहुणे आले, न सांगता. त्यांच्याकडे हे खाणं सोडलेलं होतं. मुलीच्या बापानं नाकाला रुमाल लावला. "काय शिजून राह्यलं हे?"

दादानं माझ्याकडे बोट केलं. "आमी कोनी नाही खात. हे सुमीच खाते."

माझ्या हातात त्यानंच दिलेली पळी होती. पाहुणे माझ्याकडे बघत होते आणि आई जमिनीकडे.

ते गेल्यावर दादा ताट घेऊन परसात आला. "शिजलं काय व माय?"

"हाव, बस लेका," आई म्हणाली आणि सगळ्यात मांसल बरगडी तिनं त्याच्या ताटात वाढली.

कित्येक वर्षं मला वाटायचं, घात दादानं केला. त्याला मी केव्हाच माफ केलं. पण आईनं सगळं ऐकलं होतं, आणि तरी पहिलं ताट त्याचं वाढलं.