नसलेल्या पोथीचा रुमाल

लग्न होऊन लातूरला आले तेव्हा मी बी.एस्सी. होते, आणि हे कुणाला विसरू देत नसे. कुकरची शिट्टी झाली तरी वाफेच्या दाबावर बोलायची. आज ती पोरगी समोर आली तर तिच्या हातात झाडू देईन आणि तोंडात गुळाचा खडा कोंबीन.

भूकंप झाला तेव्हा माझ्या थोरल्या जाऊबाईंची एकुलती एक मुलगी आजोळी गेली होती. ते गाव दगडमातीच्या घरांचं. गाव राहिलं नाही, मुलगीही राहिली नाही. आमच्या घराला नुसत्या भेगा गेल्या, पण आत झोपायची कुणाची छाती नव्हती. सगळी गल्ली मैदानात, पत्र्याच्या शेडमध्ये पथारी टाकून. जाऊबाईंना आम्ही अक्का म्हणायचो. अक्का रडत नव्हत्या. दिवसभर तुरीची डाळ निवडायच्या. निवडलेलीच पुन्हा निवडायच्या.

"माझी पोरगी कुठं गेली असंल गं?" एका दुपारी त्यांनी मला विचारलं. "तू शिकलेली हाईस. सांग की."

गप्प बसता आलं असतं. हात हातात घेता आला असता. पण शिकलेली ना मी! म्हणाले, "अक्का, माझ्या माहेरी मुदखेडला एक फार जुनी पोथी आहे. एका जगातून दुसऱ्या जगात कसं जायचं, त्याचे नकाशे आहेत तिच्यात. मला पाठ आहे."

माहेरी पंचांग होतं आणि वडिलांकडे रेल्वेची जुनी वेळापत्रकं. म्हणूनच की काय, माझ्या पोथीत जंक्शनंही निघाली. सगळी जगं एकावर एक रचलेली, भाकरीच्या चवडीसारखी. वरच्या भाकरीवरच्या मुंगीला खालची भाकर दिसत नाही, पण ती तिच्या पायाखालीच असते. लांबी, रुंदी, उंची आणि काळ ह्या चार मिती ओलांडल्या की पुढची वाट सुरू. त्या नकाशात उत्तर-दक्षिण नव्हती, वासावरून रस्ता ओळखायचा. ओल्या कडब्याचा वास आला की वळायचं, विझल्या चुलीचा आला की थांबायचं, तिथून पलीकडे जाता येतं.

अक्कांनी सूप खाली ठेवलं. "मंग माझी पोरगी कितव्या भाकरीवर?"

"सातव्या," मी म्हणाले. कॉलेजात तोंडी परीक्षेला उत्तर फेकायची, अगदी तशी.

इथवर एक वेळ चाललं असतं. पण पोथी म्हटली की अध्याय आले, आणि ऐकणाऱ्याला काय मिळणार ती फलश्रुती सांगितल्याशिवाय आमच्याकडे अध्याय मिटत नाही. मी सूर लावला, "जो ही पोथी समाप्तीपर्यंत ऐकेल, त्याला त्याचं माणूस भेटेल." अक्कांनी हात जोडले. मी मनातल्या मनात स्वतःची पाठ थोपटली. अक्कल बघा!

मग रोज एक अध्याय. अक्का जेवायला लागल्या, वेणी घालायला लागल्या. सासूबाई मला गुणाची म्हणायला लागल्या. आणि मला घाम फुटायला लागला, कारण पोथी संपली की अक्का दाराकडे बघत बसणार. मी पोथी लांबवत गेले. ह्यांची नांदेडला बदली झाली तेव्हा सगळ्यांसमोर रडले आणि मनात पेढे वाटले.

वर्षं गेली. लातुरात गल्लोगल्ली क्लासेस उघडले. अक्कांनी नव्या घरावर खोल्या चढवून मुलींची मेस काढली. मी सणावारी जायची, एखादा अध्याय सांगायची, शेवटचा टाळून परत यायची. एकदा गेले तर मेसमधली भोकरची एक मुलगी फिजिक्सचं पुस्तक मांडीवर घेऊन म्हणत होती, "काकू, चौथी मिती म्हणजे काळ. त्याच्यापुढचं आम्हाला सिलॅबसलाच न्हाई."

"आमच्या पोथीत हाय की," अक्का म्हणाल्या. "ही बघ, पोथीवाली आली. आज समाप्तीच करायलोय आम्ही."

त्यांनी ट्रंकेतून लाल रुमाल काढला. पोथी बांधायचा. चारी कडा हाताने शिवलेल्या, कोपऱ्याला नाडी. आत समाप्तीच्या जेवणाचं पुरण शिजत होतं.

"पुढच्या खेपेला पोथी आण मुदखेडाहून, ह्यात बांधून ठिवू. पर समाप्ती आजच कर, बाई. गुडघे गेले माझे. चालायला येतंय तवर भेटू दे."

चालायला येतंय तोवर. म्हणजे त्या खरोखरच चालत निघायच्या तयारीत होत्या.

पाटावर बसून मी शेवटचा अध्याय सांगितला. फलश्रुतीला आले. कसंबसं म्हणाले, "जो ही पोथी ऐकेल, त्याच्या मनाला शांती मिळेल."

अक्कांनी जोडलेले हात सोडले. "असं नव्हतं. भेटंल म्हणली होतीस."

"अक्का, पोथीच नाही. कधी नव्हतीच. मी रचली."

ती मुलगी पुस्तक मिटून वर गेली. अक्का रुमालाची नाडी बोटाला गुंडाळत राहिल्या. मग म्हणाल्या, "वासाचं बी?"

"वासाचंही."

"चूल विझली की मी रोज थांबायची गं तिथं."

एवढंच. उठल्या आणि पुरण वाटायला घेतलं. त्या दिवशी सगळ्या मुलींना पुरणपोळी मिळाली. मलाही वाढली, आणि तूप घालताना त्यांचा हात आखडला नाही. तेच माझ्या घशाखाली उतरेना.

आता नातवंडं गोष्ट सांग म्हणून मागे लागली की मी आधीच बजावते, खोटी आहे बरं का! ती हिरमुसतात. हिरमुसू देत.

अक्कांची मेस अजून चालू आहे. तो लाल रुमाल भाकरीच्या टोपल्यात असतो, पिठाने पांढरा झालेला. मी जेवायला बसले की अक्का रुमाल बाजूला करतात, पण वरची भाकर देत नाहीत. एका हाताने चवड उचलून धरतात आणि खालून एक काढून माझ्या ताटात ठेवतात.

कितवी, ते मी मोजत नाही.