चिखलाची चाल

माणसाचं तोंड माझ्या फार दिवस लक्षात राहत नाही; चाल मात्र मी विसरत नाही. यात माझी काही हुशारी नाही. भंडाऱ्यात आमचं पितळी भांड्यांचं दुकान आहे. दारावर पाणी भरायचे गुंड आणि घागरी टांगलेल्या असतात, त्यामुळे आत बसल्यावर रस्त्यावरची माणसं मला कमरेपासून खालीच दिसतात. गिऱ्हाईक येण्याआधी त्याचे पाय येतात. इतकी वर्षं नुसते पाय बघितल्यावर दुसरं काय होणार? मी नकला करायला लागलो.

ही गोष्ट घडली तेव्हाही माझ्या पोतडीत बऱ्याच चाली होत्या. एक पाय ताठ ठेवून बाहेरून गोल फिरवत आणणारे एक निवृत्त गुरुजी होते. बदकासारख्या डुलत येणाऱ्या एक आजी होत्या. पुढे वाकून, पाय जमिनीला घासत, लहान लहान पावलं टाकणारे एक शेठ होते; ते सुरू व्हायला वेळ घ्यायचे आणि थांबायला त्याहून जास्त. लग्नाच्या पंगतीनंतर मला उभं करायचे, मी एकेकाला चालवून दाखवायचो, आणि ज्याची नक्कल केली तोच सगळ्यांत मोठ्यानं हसायचा.

माझे मामा आसगावचे. धानाची शेती, आणि मंडईच्या दंडारीत राजा. दिवाळीनंतर आमच्याकडे गावोगाव मंडई म्हणजे जत्रा भरते, दुपारी मैदानात दंडार होते, ढोलकीवरचं सोंगांचं नाटक, आणि आसगावच्या दंडारीत राजा म्हटला की मामाच. राजाला बोलायला फार नव्हतंच. त्याचं सगळं नाव चालत येण्यात. मामा शाळेच्या भिंतीपासून मैदानाच्या मधोमध असे यायचे की ढोलकीवाला वाजवायचं सोडून बघत बसायचा.

जिल्हा तुटून गोंदिया वेगळा झाला, त्याला तेव्हा थोडीच वर्षं झाली होती. मी पोळ्याला आसगावला गेलो. मामा एसटीच्या थांब्यावर घ्यायला आले होते. आमच्याकडे मामा भाच्याच्या पाया पडतो. मी तिशीचा, ते पन्नाशी ओलांडलेले, तरी भर रस्त्यात ते वाकले, माझ्या पायांना हात लावला आणि पिशवी घेऊन पुढे चालू लागले. गुडघे वर उचलत, पावलं ठेवत.

मला ते विचित्र वाटलं नाही, कोणालाच वाटलं नव्हतं. धानाच्या रोवणीच्या दिवसांत बांधीतल्या, म्हणजे पाणी भरलेल्या वावरातल्या, गाळात पाऊल सरळ उपसून काढावं लागतं, नाहीतर गाळ पाय धरून ठेवतो. महिनाभर तसं चाललं की काही जण कोरड्या सडकेवरही तसेच चालतात. लोक चिडवतात, "अजून बांधीतच हायेस का बे?" मामांनाही तसंच चिडवत होते आणि मामा हात जोडून हसत होते.

संध्याकाळी बैल मिरवून आल्यावर ओसरीत माणसं जमली. कोणीतरी म्हणालं, "बापू, काढ ना कोनाची चाल." मी गुरुजी काढले, शेठ काढले. मग मामांकडे बघून डोळा मारला आणि मामा काढले.

नक्कल करताना मी डोकं वापरत नाही. बघितलेलं पाय आपोआप करतात. दोन्ही गुडघे मी सारखेच उचलत होतो; पण डावं पाऊल टाचेवर टेकलं आणि उजवं टेकेना. उजव्याची बोटं आधी खाली आली, मग सगळा तळवा एकदम. फट्. पुन्हा डावं नीट, पुन्हा उजवं फट्. ओसरी हसून लोळत होती. दारात मामी उभ्या होत्या, त्या तेवढ्या हसेनाशा झाल्या.

"पुना चाल बरं," त्या म्हणाल्या. मी चाललो.

"हाच आवाज. चुलीजवळ बसली असली का मी मांगून रोज आयकून राहिली. मले वाटे चप्पल ढिली झाली."

"ढिलीच झाली," मामा म्हणाले.

"अन् घरात कोन्ती चप्पल घालता तुमी?"

मामांनी बैलांना पाणी दाखवायचं निमित्त काढलं आणि उठून गेले. बैल नुकतेच पाणी पिऊन आले होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी तलावाच्या बांधावर मी त्यांना गाठलं.

"बापू, उजवा पंजा वरच येत नाई," ते म्हणाले. "गुडघा येते, पंजा लोंबते. अंगठ्याले उठ म्हनलं तर तो दुसऱ्याच्या घरचा असल्यावानी बघते."

"मग डावा पाय काहून उचलून राहिले? तो तं चांगला हाय."

"एकच उचलला तं लोकं लकवा म्हनतीन. दोन्ही उचलले का चिखलाची सवय." एवढं सांगताना त्यांच्या चेहऱ्यावर थोडा अभिमान होता. मग तो गेला. "बाबा लकव्यानं खाटेवरच गेले, तुले मालूम हाय. मले तेच होऊन राहिलं असन तं होऊ दे. पन मंडई होऊ दे आधी. लंगडा राजा कोन पाहीन?"

नट मी बरेच बघितले आहेत. चांगला पाय आजारी पायासारखा चालवून आजार लपवणारा हा एकच.

"मी भाचा हाय," मी म्हणालो. "माझा शब्द मोडता येत नाई तुमाले. चला भंडाऱ्याले."

"भाच्यानं पाया पडून घ्यावं. हुकूम कायले सोडावा?" ते म्हणाले, पण आले.

भंडाऱ्यात डॉक्टरांनी आधी पाय बघितलाच नाही. हात दाबायला लावला, हसायला लावलं, बोलायला लावलं. मग गुडघा ठोकला, पंजा वर करायला सांगितला, पोटरीवर टाचणी टोचून कुठं लागतं ते विचारलं. "लकवा नाही," ते म्हणाले. "पायाची एक नस दबली आहे." आणि त्यांनी आम्हाला चालणं शिकवणाऱ्या बाईंकडे पाठवलं. मामा जिन्यावर थांबून म्हणाले, "चालनं शिकवाले बाई? पन्नास वर्सं मंग मी काय केलं?"

बाई तरुण होत्या, फिजिओथेरपीचं शिकून आलेल्या. मामा लाजून चालेनात, म्हणून त्यांनी आधी मला चालवलं आणि माझ्या एका पायावर बोट ठेवून मामांना दाखवत गेल्या. आधी टाच टेकते. मग तळवा बसतो. मग सगळं अंग त्या एका पायावरून पुढे जातं. टाच सुटते, अंगठा जमिनीला रेटा देतो आणि पाय हवेत जातो. हवेत असताना पंजा वर धरून ठेवायचा असतो, नाहीतर बोटं अडकतात. मग पुन्हा तीच टाच. इथं एक फेरा पुरा. फेऱ्यातला जास्त वेळ पाय जमिनीवर असतो, कमी वेळ हवेत. आणि मध्ये थोडा थोडा वेळ दोन्ही पाय जमिनीवर असतात.

"म्हंजे हवेतल्या सीनमंधी माया पंजा एंट्रीच घेत नाई," मामा म्हणाले.

"बरोबर. म्हणून गुडघा जास्त वर येतो, त्याचं काम करायला."

मला इतका चांगला प्रेक्षक रोज कुठं मिळणार? मी त्यांना गुरुजी चालवून दाखवले. "यांना लकवा होऊन गेला असेल," त्या म्हणाल्या, "बघा, गुडघा वाकत नाही, म्हणून पाय बाहेरून फिरतो. तुमच्या मामांचा वाकतो." आजींना त्यांनी कमरेचे स्नायू कमजोर असतील म्हटलं. शेठ चालायला लागल्यावर मात्र त्या हसायच्या थांबल्या. "यांना मेंदूच्या डॉक्टरांना दाखवलंय का? नुसत्या चालीवरून सांगता येत नाही, पण दाखवायला हवं." शेठ दुसऱ्या दिवशी दुकानावरून गेले तेव्हा मी बाहेर येऊन त्यांना ते सांगितलं. त्यांची नक्कल तेव्हापासून बंद आहे.

मग बाईंनी मामांना विचारलं, "पाय बिघडायच्या आधी काय काम करत होतात?"

"परे काढत होतो." परे म्हणजे धानाची रोपं, रोवणीसाठी उपटायची.

"कसं बसून?"

मामा खुर्चीवरून उतरून उकिडवे बसले आणि हवेतले परे उपटायला लागले. बाईंनी वाकून त्यांच्या गुडघ्याच्या बाहेरच्या बाजूला, थोडं खाली, हाडाच्या उंचवट्यावर बोट ठेवलं. "नस इथून वळते. दिवस दिवस असं बसलात, तीच दबली."

"दरसाली बसतो मी."

"यंदा किती बसलात?"

मजूर मिळाले नव्हते, म्हणून यंदा मामा आणि मामी दोघंच होते. ते त्यांनी हळू आवाजात सांगितलं.

पोटरीच्या मागून तळव्याखाली जाणारा एक प्लास्टिकचा पट्टा मिळाला, पंजा उचलून धरणारा. व्यायाम मिळाले. उकिडवं बसणं बंद. पाय येईल, बहुधा येईल, पण कधी ते सांगता येणार नाही, असं बाई म्हणाल्या. मग आसगावनं एक नवीनच दृश्य बघितलं: मामा डोक्यावर प्लास्टिकची खुर्ची घेऊन धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून, शेतात चालले आहेत. लोक म्हणत, "राजा सिंहासन घेऊनच फिरून राहिला." आता लपवायचं काही नव्हतं, म्हणून मामा खुर्ची मांडून त्यांना बसायला सांगत.

दसऱ्याच्या सुमारास अंगठा थोडा हलला. दिवाळीत बाई म्हणाल्या, थोडं अंतर पट्ट्याशिवाय चालून बघा. अडचण पायाची कमी आणि सवयीची जास्त होती: इतके महिने गुडघे उचलल्यावर मामांना साधं चालताच येईना. तालमीत राजा दर वेळी चिखलातून येत होता.

"बापू, तू भालदार बन," ते म्हणाले. "माया पुढं चाल. तुया टाचा पाहत येतो मी."

मंडईच्या दिवशी शाळेच्या भिंतीआड मामांनी पट्टा काढून मामींच्या हातात दिला. मामी म्हणाल्या, "राहू द्या ना." ते वाकले, माझ्या पाया पडले. मग ढोलकी थांबली आणि मी भाला घेऊन निघालो.

जन्मभर मी लोकांच्या चाली घेत आलो. त्या दुपारी माझी चाल कोणीतरी घेत होतं. मी टाच टेकवली, तळवा बसवला, अंगठा रेटला. भालदाराला मागं बघता येत नाही. मी कान मागं ठेवले होते. मोजड्या मऊ वाजत होत्या, माझ्या मागोमाग, बरोबर. मैदान गप्प होतं. मधोमध येऊन राजा वळला आणि तिथं उजवं पाऊल पडलं: फट्.

लगेच दुसऱ्यांदा तेच पाऊल वाजलं, त्याहून जोरात. मामांनी पाय आपटला होता. ढोलकीवाल्यानं दचकून थाप दिली, मैदानानं टाळ्या दिल्या.

संध्याकाळी मामी पट्टा त्यांच्या पायाला बांधत होत्या.

"एक डाव वाजला," त्या म्हणाल्या.

"तो राजाचा राग होय," मामा म्हणाले, आणि त्यांनी अंगठा वर उचलून धरला, पट्टा नीट बसावा म्हणून.