बोथट सुरीची अब्रू

कोरेगावात कुणाच्या घरी काय शिजतं हे साऱ्या गावाला ठाऊक असतं. पण कुणाच्या घरी काय चिरत नाही, हे फक्त आमच्या धारवाल्या चाचांना. आणि त्यांच्याइतका घट्ट तोंडाचा माणूस सातारा जिल्ह्यात दुसरा नसेल. सायकल स्टँडवर चढवायची, पायडल मारत दगड फिरवायचा आणि ठिणग्या उडवत जगातल्या झाडून सगळ्या विषयांवर मतं द्यायची. फक्त हातातली सुरी कुणाची, एवढं विचारायचं नाही. घरोघरच्या सुऱ्या ते वर्तमानपत्रात गुंडाळून नेत आणि तशाच गुपचूप आणून देत. एकदा आमच्या हिनं सहज विचारलं, "ही पितळी मुठीची कुणाची हो?" चाचांनी पायडल थांबवलं. "उद्या कुणी तुमची इचारली तर सांगू व्हय, वयनी? बोथट सुरी म्हंजी घरची अब्रू असती." ही मुकाट्यानं घरात आली. चाचा धार तपासायचे ती स्वतःच्याच हातावर, त्यामुळे त्यांच्या डाव्या हातावर एक केस म्हणून शिल्लक नव्हता.

चाचा वर्तमानपत्र वाचत नसत, त्यात सुऱ्या गुंडाळत. तिथंच घात झाला. गेल्या वर्षी गावात जरा तणाव होता म्हणून हत्यारं बाळगायला बंदी आली. तो हुकूम ज्या पानावर छापला होता, नेमक्या त्याच पानात आमची फणस कापायची सुरी गुंडाळून चाचा आमच्या गल्लीत शिरले आणि दोन हवालदारांनी त्यांना धरलं. पंच म्हणून कोण हवा? मी भाजी घेऊन समोरून येतच होतो. "गुरुजी, एक सही द्या."

फूटपट्टी लावली. कायद्याची हद्द नऊ इंच, पातं साडेनऊ भरलं.

"कुणाची सुरी?" हवालदारानं विचारलं. चाचांनी क्षणभर माझ्याकडे पाहिलं. "माझी," एवढं एकच मला म्हणायचं होतं. पण निवृत्तीला वर्ष राहिलेलं, नसतं लचांड कशाला, असं मनात आलं आणि मी स्वतःच्या चपलांकडे बघत राहिलो.

"माजीच हाय," चाचा म्हणाले.

मी पंचनाम्यावर सही केली. शाळेच्या दाखल्यावर करतो तशीच, वळणदार, तारखेसकट.

कोर्टात त्यांच्या वकिलानं कपाळाला हात लावला. "चाचा, गिऱ्हाइकाचं नाव सांगा, सुटाल." चाचा ऐकेनात. शेवटी त्यांनी गुन्हा कबूल केला. वय आणि धंदा पाहून न्यायाधीशांनीही विचारलं, "सुरी धार लावायला आली होती ना? मालक कोण?"

"त्ये सांगत न्हाई, सायेब. धंद्याचं इमान हाय."

मालक मागच्या बाकावर बसला होता. उठला नाही.

न्यायाधीशांनी कागदावर कारणं लिहून शिक्षा कमी केली: थोडा दंड आणि कोर्ट उठेपर्यंत कैद. सुरी सरकारजमा. संध्याकाळपर्यंत चाचा भिंतीशी बसून होते. कारकुनाच्या बोथट कात्रीकडे बघून मधूनच हळहळत होते. सुटल्यावर मी पुढे झालो. तेच म्हणाले, "अर्ध्या इंचानं घात केला, गुरुजी. अजून चार वर्सं धार लावली असती तर झिजून कायद्यात बसली असती."

आता ते सुऱ्या घरी पोचवत नाहीत. कोपऱ्यावर बसतात, ज्याची त्यानं आणायची, ज्याची त्यानं न्यायची. गल्लीतली काही माणसं "शिक्षा झालेला माणूस" असं म्हणत त्यांच्यापासून जरा लांबूनच जातात, आणि मी ते ऐकून घेतो. आमची नवी सुरी टोमॅटोसुद्धा चेंगरते. ही रोज म्हणते, चाचांकडे घेऊन जा. मी अजून गेलेलो नाही.

परवा त्यांनी लांबूनच हाक मारली, "गुरुजी, नवी सुरी बरी हाय न्हवं?"

"बरी आहे," मी म्हणालो.

त्यांना कळलंच असणार. पण ते कुणाला सांगायचे नाहीत.